चित्र विकलं जाईपर्यंत चित्रकार जगतो कशावर?

ओलसर_भिंत

सप्टेंबर २०२५ मधली गोष्ट. चित्रकार वासुदेव गायतोंडे यांचं १९७० सालचं एक चित्र दिल्लीतल्या लिलावात ६७ कोटींच्या वर गेलं आणि ती बातमी आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर येऊन पडली. पार्किंगच्या भांडणालासुद्धा येत नाहीत इतक्या प्रतिक्रिया आल्या. निम्म्या ‘आमच्या पिंट्याने भिंतीवर काढलंय ते घेतं का कुणी’ छापाच्या, उरलेल्या ‘सगळा काळा पैसा’ छापाच्या. तळमजल्यावरच्या एका काकांनी मात्र वेगळंच विचारलं: “हे गृहस्थ गेले तेव्हा त्यांच्याकडे काय होतं?”

कोणी उत्तर दिलं नाही. मलाही देता आलं नाही, आणि मी स्वतःला चित्रांतलं थोडंफार कळणारी समजते. तेव्हापासून जमेल तसं वाचतेय. चित्रकारांबद्दल आपल्याकडे दोनच प्रकारची माहिती सहज मिळते. एक, चित्र किती कोटींना गेलं. दोन, माणूस किती विक्षिप्त होता. घरभाडं कोण भरत होतं, रंगांचे पैसे कुठून यायचे, पहिलं चित्र कोणी विकत घेतलं, हे शोधायला गेलं की हाताला काही लागत नाही. म्हणून हा धागा. मला सापडलं ते लिहिते, तुम्ही भर घाला.

सुरुवात गायतोंड्यांपासूनच. जन्म १९२४, नागपूर. घराणं गोव्याचं, पण मुंबईतलं बिऱ्हाड गिरगावात, कुडाळदेशकर वाडीत. १९४८ ला मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टचा डिप्लोमा. १९५७ ला टोकियोत तरुण आशियाई चित्रकारांच्या प्रदर्शनात पारितोषिक, १९६४ ला रॉकफेलर फंडाच्या शिष्यवृत्तीवर न्यूयॉर्क, १९७१ ला पद्मश्री. कागदावर बघितलं तर कारकीर्द सरळ चढणीची. प्रत्यक्षात १९७२ ला मुंबई सोडून ते दिल्लीत निजामुद्दीन पूर्वेला बरसातीत राहायला गेले. बरसाती म्हणजे गच्चीवरची खोली. दिल्लीचा उन्हाळा डोक्यावर घेऊन राहायची जागा. लग्न नाही. काम इतकं सावकाश, की वर्षाला पाच-सहा कॅनव्हास झाले तर झाले. १९८४ ला अपघात झाला आणि पुढची कित्येक वर्षं मोठा कॅनव्हास हाताळणंच बंद पडलं. मधल्या काळात कागदावर छोटी रेखाटनं. २००१ च्या ऑगस्टमध्ये गेले. कोटींची भाषा सुरू झाली ती त्यानंतर.

आता त्यांच्या आसपासची मंडळी बघा. १९४७ ला मुंबईत प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप निघाला तो सहा जणांचा: सूझा, रझा, हुसेन, आरा, गाडे आणि शिल्पकार बाकरे. (गायतोंडे संस्थापकांत नव्हते, नंतर आले. ही चूक वर्तमानपत्रं नेमाने करतात.) यांच्यातल्या कोणाच्याही घरून ‘चित्रं काढ, पैशाचं आम्ही बघतो’ असं म्हणायची ऐपत नव्हती. पंढरपुरात जन्मलेले हुसेन सिनेमाची होर्डिंगं रंगवत, पुढे एका फर्निचरच्या दुकानासाठी लहान मुलांचं फर्निचर आणि खेळणी डिझाइन करत. रझा ब्लॉक बनवणाऱ्या स्टुडिओत नोकरीला. गाडे शिक्षक. सूझाची आई कपडे शिवून घर चालवायची.

मला सगळ्यात जवळचे वाटले ते कृष्णाजी हौळाजी आरा. जन्म १९१४, सिकंदराबादजवळच्या बोलारमचा. सात वर्षांचे असताना घर सोडून मुंबईला आले. मोटारी धुतल्या, साहेब लोकांकडे घरगडी म्हणून राहिले, मिठाच्या सत्याग्रहात तुरुंगात गेले. चित्रकलेचं रीतसर शिक्षण जवळजवळ नाहीच. रूडी फॉन लायडन या जर्मन समीक्षकाच्या नजरेला त्यांची चित्रं पडली आणि दार किलकिलं झालं. फुलदाण्या, फळं, उघड्या बायका, असे त्यांचे विषय. पुढे आर्टिस्ट्स सेंटरचं काम त्यांनी अंगावर घेतलं आणि नव्या मुलांना प्रदर्शनं मिळवून देण्यात आयुष्य घातलं. त्यांच्या चित्रांच्या किमतीचे आकडे हुसेन-सूझांच्या जवळपासही नाहीत, म्हणून बातम्यांतही नाहीत.

फॉन लायडनचं नाव आलंच आहे तर तेही सांगते. हिटलरच्या युरोपातून निसटलेली तीन माणसं मुंबईत नसती तर या ग्रुपचं काय झालं असतं कोण जाणे. फॉन लायडन लिहायचे. वॉल्टर लँगहॅमर टाइम्स ऑफ इंडियात कलासंचालक होते. त्यांच्या नेपियन सी रोडवरच्या घरी रविवारी या पोरांचा राबता असे. आणि व्हिएन्नाहून आलेले इमॅन्युएल श्लेझिंगर, औषधांच्या कंपनीचे मालक, हे विकत घ्यायचे! कौतुक करणारे तेव्हाही पुष्कळ असणार, पाकीट उघडणारा एकच.

बोला आता.

---

अर्धवटराव

पहिला मी! वाचतोय. पिंट्याचं चित्र शेवटी किती ला गेलं तेवढं सांगा.

---

हिशेबनीस

लेख चांगला आहे, पण मला मूळ मुद्दा पटत नाही. कष्ट सगळेच करतात. माझ्या वडिलांनी गिरणीत ३१ वर्षं काढली, त्यांच्या हजेरीकार्डाचा कोणी लिलाव करत नाही. चित्रकाराची हलाखी सांगितली की चित्र आपोआप मोठं होतं, हा काय प्रकार आहे?

दुसरं म्हणजे गायतोंड्यांचं ते चित्र मी मोबाइलवर मोठं करून बघितलं. रंग आहे. बरा आहे. त्यात ६७ कोटींचं काय आहे ते कोणी नीट समजावून सांगेल का? खवचटपणे विचारत नाहीये, खरंच विचारतोय.

---

वऱ्हाडी_ठेचा

धागाकर्तीने नागपूर एका शब्दात उरकलं म्हणून निषेध नोंदवतो.

जरा मोजा ना भाऊ. गायतोंडे जन्मले नागपुरात. गाडे अमरावती जिल्ह्यातले. रझा मंडला जिल्ह्यातल्या बाबरियाचे, पण चित्रकलेचं पहिलं शिक्षण १९३९ ते १९४३ नागपूरच्या शाळेत, बापूराव आठवल्यांच्या हाताखाली. जे. जे.त पिढ्या घडवणारे आणि पुढे तिथले अधिष्ठाता झालेले शंकर पळशीकर भंडाऱ्याकडचे. आंबादास खोब्रागडे अकोल्याचे; ते तर थेट नॉर्वेत ओस्लोला जाऊन राहिले आणि २०१२ मध्ये तिथेच गेले. बी. प्रभा नागपूरजवळच्या बेल्याच्या. सगळी मानसं इकडची आन् नाव मात्र ‘बॉम्बे स्कूल’!

रझांचं एक सांगतो. १९५० ला पॅरिसला गेले, साठ वर्षं फ्रान्सात राहिले, बायको फ्रेंच. २०१० ला परत आले आणि २०१६ ला दिल्लीत वारले, तर दफन कुठे? मंडल्यात, बापाच्या कबरीशेजारी. वडील जंगलखात्यात होते. लहानपणी मास्तरांनी भिंतीवर एक ठिपका काढून त्याच्याकडे बघत बस म्हणून सांगितलं होतं, त्याचा पुढे चाळीस वर्षांनी ‘बिंदू’ झाला, असं रझा स्वतः सांगत. आमच्या मास्तरांनी आमच्या पाठीवर काढलेल्या ठिपक्यांचं काही झालं नाही.

---

खडूवाले_मास्तर

हिशेबनीस, तुमच्या दुसऱ्या प्रश्नाला उत्तर द्यायचा प्रयत्न करतो. मी हायस्कुलात चित्रकला शिकवतो, एलिमेंटरी-इंटरमिजिएटला मुलं बसवतो. किंमत मला सांगता येणार नाही, पण ते चित्र होतं कसं एवढं सांगू शकतो. आणि ते मोबाइलवर दिसत नाही, हे आधीच सांगतो.

आपण समजतो ब्रशने रंग लावला की झालं. गायतोंडे पन्नाशीच्या दशकाच्या शेवटापासून रोलर आणि पॅलेट नाइफने काम करत. (भिंतीला रंग देणाऱ्याकडे असतो तोच रोलर.) तैलरंग पातळ करून एक थर द्यायचा. तो कधी पुसायचा, कधी सुरीने खरवडायचा. त्यावर दुसरा थर. मग कागदाचे फाटके-कापलेले तुकडे, वर्तमानपत्राचे, मासिकाचे, ओल्या रंगावर ठेवायचे, दाबायचे आणि उचलून घ्यायचे. कागदाबरोबर काही रंग निघून येतो, काही नवा चिकटतो. त्या जागी अक्षरासारखं काहीतरी उमटतं, पण वाचता येत नाही. पुन्हा थर. खालचा थर वरच्यातून दिसला पाहिजे आणि तरी दिसता कामा नये, अशी ती कसरत.

आता गंमत. दोन वर्षांपूर्वी दिवाळीच्या सुट्टीत मी हे करून बघितलं. हार्डवेअरच्या दुकानातून चार इंची रोलर आणला, तीन फुटी कॅनव्हास ताणला. पहिले दोन थर सुंदर. तिसऱ्याला मला धीर धरवला नाही, खालचा पुरता वाळायच्या आत रोलर फिरवला आणि सगळ्याचा चिखल झाला. अगदी पावसाळ्यात एसटी स्टँडवर असतो तसा. चार वेळा केलं, चारही वेळा चिखल. तेव्हा कळलं की या माणसाचं अर्धं काम थांबण्यात होतं. ते दिवसचे दिवस कोऱ्या कॅनव्हाससमोर नुसते बसून असत, असं त्यांना ओळखणारे सांगतात. ते खोटं वाटत नाही.

त्यांना ‘अमूर्त’ हा शब्द आवडत नसे. अमूर्त म्हणजे आधी काहीतरी मूर्त होतं, त्याचं सार काढलं, असं होतं ना? यांच्या चित्रात आधी काही नसतंच. म्हणून ते स्वतःच्या चित्राला नॉन-ऑब्जेक्टिव्ह म्हणायचे. झेनचा आणि रमण महर्षींच्या विचारांचा ओढा होता त्यांना. मला त्यातलं फार कळत नाही, मला रोलर कळतो.

आणि तुमचा पहिला मुद्दा मला पूर्ण मान्य आहे. हलाखीने चित्र मोठं होत नाही. पण वर्षाला पाच चित्रं काढून जगायचं म्हणजे उरलेले दिवस रिकामे ठेवायची किंमत कुणीतरी मोजावी लागते. धागा त्याबद्दल आहे असं मी समजतो.

---

हिशेबनीस

मास्तर, हे आवडलं. चिखलाचा फोटो टाका.

---

न्यूजर्सीची_नलू

मास्तरांच्या प्रतिसादाला एक कडक सॅल्यूट.

मी ते प्रदर्शन बघितलंय. न्यूयॉर्कच्या गुगेनहाइम म्युझियममध्ये ऑक्टोबर २०१४ ते फेब्रुवारी २०१५ गायतोंड्यांचं सिंहावलोकन होतं. आम्ही गेलो ते अगदी शेवटच्या आठवड्यात, बाहेर गुडघाभर बर्फ, मुलगा कुरकुरत होता. चित्राशेजारच्या पाटीवर ‘जन्म नागपूर’ वाचलं आणि माझ्या पोटात काहीतरी हललं. शेजारी एक म्हातारी अमेरिकन बाई एका पिवळ्या चित्रापुढे बाकावर बसली होती. आम्ही सगळं बघून कोट घ्यायला खाली आलो, परत वर गेलो (मुलाची टोपी राहिली होती), तरी ती तिथेच.

मॉरिस ग्रेव्हज नावाचे एक अमेरिकन चित्रकार १९६३ मध्ये मुंबईत आले होते. त्यांनी गायतोंड्यांची चित्रं पाहून न्यूयॉर्कला आपल्या गॅलरीवाल्यांना पत्र लिहिलं, की हा माणूस अमेरिकेतल्या नामवंत अमूर्त चित्रकार रॉथकोच्या तोडीचा आहे आणि दहा वर्षांत जगभर नाव होईल. दुसऱ्याच वर्षी गायतोंडे न्यूयॉर्कला गेले, चेल्सी हॉटेलात राहिले, तिथली चित्रं डोळ्यांनी बघितली. ग्रेव्हज यांचा अंदाज चुकला तो फक्त वर्षांचा. दहाऐवजी पन्नास लागली.

जाता जाता, गायतोंड्यांना मित्र ‘गाय’ म्हणत. किती गोड आहे हे.

---

मांडवीकाठ

गोंयकार हजर आहे. नागपूरवाल्यांनी गायतोंड्यांना नागपूरचं केलं, ठीक आहे, जन्मदाखला तुमच्याकडे. सूझाला मात्र हात लावू नका, तो साळगावचा.

धागाकर्तीने आईच्या शिवणकामाचा उल्लेख केला, त्यात थोडी भर. फ्रान्सिस न्यूटन सूझा, जन्म १९२४. बाप तान्हेपणीच गेला. मुलाला देवी आल्या, वाचला तर सेंट फ्रान्सिस झेवियरचं नाव देईन असा आईने नवस केला, म्हणून तो फ्रान्सिस. मुंबईत शाळेतून काढून टाकला, पुढे जे. जे.तून काढून टाकला (१९४५, राजकारणात पडला म्हणून). प्रोग्रेसिव्ह ग्रुपचा जाहीरनामा त्यानेच लिहिला आणि १९४९ ला इंग्लंडची बोट धरली.

लंडनमधली पहिली पाच-सहा वर्षं अत्यंत वाईट गेली. पत्रकारितेतले किडुकमिडुक पैसे आणि बायको मारियाची कमाई यावर घर चालायचं. १९५५ मध्ये एकदम नशीब फिरलं: ‘एन्काउंटर’ मासिकात त्याचा आत्मचरित्रपर लेख छापून आला आणि गॅलरी वनमधलं प्रदर्शन सगळंच्या सगळं विकलं गेलं. पुढच्या वर्षी हॅरल्ड कोव्हनर नावाचा न्यूयॉर्कचा पैसेवाला भेटला. त्याने चार वर्षं सूझाला ठरलेला पैसा पाठवला, बदल्यात सूझाने चित्रं पाठवायची. जाणकार लोक सूझाची सगळ्यात जबरदस्त म्हणतात ती चित्रं बरीचशी याच वर्षांतली. तुमच्या प्रश्नाचं उत्तर इतकं नागडं दुसरीकडे कुठे मिळणार नाही.

पण कोव्हनरचं नाव निदान कॅटलॉगात येतं. मारियाचं सहसा तेही नाही. नंतर तर तो संसारही मोडला. सूझा १९६७ ला न्यूयॉर्कला गेला, मेला मात्र मुंबईत, २००२ मध्ये. शिवडीच्या दफनभूमीत आहे.

आणखी एक गोव्याचं नाव: प्रफुल्ला डहाणूकर, मूळच्या जोशी, जन्म बांदोड्याचा. वॉर्डन रोडच्या भुलाभाई देसाई इन्स्टिट्यूटमध्ये गायतोंड्यांच्या बरोबरीने काम करायच्या. ती इन्स्टिट्यूट म्हणजे समुद्रावरचा बंगला. एका खोलीत चित्रकार, दुसरीत रविशंकर सतार शिकवतायत, गच्चीवर अल्काझींचं नाटक. नाममात्र पैशांत जागा मिळायची. नंतर बंगला पाडला, टॉवर आला. मुंबईत चित्रकाराला काय लागतं असं कोणी विचारलं तर मी आधी म्हणेन जागा, मग रंग.

---

ओलसर_भिंत

मांडवीकाठ, मारियाबद्दल लिहिलंत ते फार बरं केलंत. मी लेखात घेणार होते आणि राहिलं. राहिलं म्हणजे काय, सहा पुरुषांची नावं लिहिताना सुचलंच नाही. खरं ते सांगते.

---

कापडचोपड

धागाकर्ती, राहिलेलं मी लिहिते. एक नव्हे, तीन बायका.

पहिल्या, भानुमती राजोपाध्ये. कोल्हापूरच्या, जन्म १९२९. वडील अण्णासाहेब स्वतः चित्रकार. जे. जे.त सुवर्णपदक. १९५३ मध्ये प्रोग्रेसिव्ह ग्रुपच्या प्रदर्शनात गायतोंडे, रझा यांच्या चित्रांबरोबर त्यांचीही चित्रं लागली. त्यात बाई अशी त्या एकट्याच. ही मुलगी पुढे कुठे गेली? बायकांच्या मासिकांत फॅशनची रेखाटनं करायची नोकरी होती, त्यातून कपडे डिझाइन करण्याचं काम मिळत गेलं, १९५६ मध्ये ‘सीआयडी’ सिनेमा मिळाला आणि चित्रं मागे पडली. आपण त्यांना भानू अथैया म्हणून ओळखतो. १९८३ चा ऑस्कर, ‘गांधी’च्या वेशभूषेसाठी, भारतातला पहिला. म्हणजे कारकीर्द वाया गेली असं कोण म्हणेल? मी तरी नाही म्हणणार, मी याच धंद्यात आहे आणि ‘गांधी’तलं खादीचं काम बघून मला आजही घाम फुटतो. पण त्या २०२० मध्ये गेल्यावर त्यांची जुनी चित्रं लिलावात आली ती बघून मी रात्री उशिरापर्यंत जागी होते. हात पक्का आहे हो. गायतोंड्यांना बरसातीत राहून वर्षाला पाच चित्रं काढणं परवडलं. कोल्हापुरातून मुंबईत आलेल्या मुलीला १९५३ मध्ये हे परवडलं असतं का?

दुसऱ्या, बी. प्रभा. ठेचाभाऊंनी नुसतं नाव घेतलं. शिल्पकार बी. विठ्ठल यांच्याशी लग्न, मुंबईत नवा संसार. १९५६ मध्ये एअर इंडियाने त्यांची सहा चित्रं घेतली, प्रत्येकी ८७ रुपये ५० पैसे. एअर इंडियाचा जो प्रचंड चित्रसंग्रह पुढे झाला त्याची सुरुवात इथून. विमान कंपनीला परदेशांतली बुकिंग ऑफिसं सजवायची होती, आणि आपल्या चित्रकारांना गिऱ्हाईक हवं होतं. कधी पैशांऐवजी विमानाची तिकिटं मिळत. (अवांतर: याच एअर इंडियाने १९६७ मध्ये साल्वादोर दालीकडून अॅशट्रे करून घेतले आणि त्याने मोबदल्यात हत्तीचं पिल्लू मागितलं. बंगळूरहून पिल्लू गेलंही! आमचं गिऱ्हाईक शिलाई द्यायला तीन फेऱ्या मारायला लावतं.)

तिसऱ्या, नसरीन मोहमदी. जन्म कराचीचा, वाढल्या मुंबईत. त्याच भुलाभाई इन्स्टिट्यूटमध्ये त्यांची जागा होती आणि गायतोंड्यांना त्या मानत. त्यांनी नोकरीचा रस्ता धरला: १९७२ पासून बडोद्याच्या विद्यापीठात शिकवलं. घरी बसून ड्रॉइंग बोर्डावर शाई-पेन्सिलीने रेषा. फक्त रेषा. आजाराने हाताचा ताबा सुटत चालला होता तरी रेषा ढळत नव्हती. १९९० मध्ये किहीमला गेल्या, आपल्या अलिबागजवळच्या. जिवंतपणी चित्रं अशी फारशी विकली गेलीच नाहीत. २०१६ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट म्युझियमने नवी शाखा उघडली तेव्हा पहिल्या प्रदर्शनांतलं एक त्यांचं होतं. दर पावसाळ्यात किहीमला जाऊन कोलंबी खाणाऱ्या आपल्यातल्या किती जणांना हे माहीत आहे?

---

हर्णैकर

कापडचोपड ताई, किहीमचं सोडा, मी तर हर्णैचा.

वर सहा जणांत सदाशिव बाकरे यांचं नाव आलंय. शिल्पकार, नंतर चित्रंही काढली. १९५१ ला लंडनला गेले, तिथे बरीच वर्षं राहिले, १९७५ ला भारतात परतले आणि कुठे राहिले असतील? मुरूड-हर्णैला. आमच्या दापोली तालुक्यात. २००७ मध्ये गेले.

म्हणजे मी कॉलेजला जायला एसटीत बसायचो त्या सगळ्या वर्षांत भारताच्या आधुनिक कलेतल्या सहा मूळ माणसांपैकी एक माझ्यापासून चार किलोमीटरवर राहत होता. मला ते गेल्यावर पेपरात वाचून कळलं. शाळेत आम्हाला चित्रकलेच्या तासाला झेंडूचं फूल काढायला लावायचे.

---

रात्रपाळी

पहिल्यांदाच लिहितोय, टंकायच्या चुका पोटात घाला.

सगळ्यांच्या लिहिण्यातून असं वाटतं की नोकरी केली म्हणजे चित्र मेलं. मी कंपनीत शिफ्टला आहे आणि सुट्टीला चित्रं काढतो, त्यामुळे जरा लागलं. प्रभाकर बरवे बघा. १९३६ चा जन्म, नागावचा. विव्हर्स सर्व्हिस सेंटरमध्ये नोकरी, आधी वाराणसीला, मग मुंबईला. सरकारचं हातमागाचं खातं. विणकरांसाठी नक्षी तयार करायची. आंबादास, के. जी. सुब्रमण्यन अशी दांडगी माणसं त्याच खात्यातून गेली. वाराणसीत बरव्यांना तंत्रमार्गातल्या आकृत्या भेटल्या आणि त्यांचं चित्र बदललं. नोकरीनेच भेटवल्या की नाही?

पुढे ते इनॅमल पेंटने रंगवायचे, आपण लोखंडी दाराला लावतो तो. सपाट, चकचकीत. त्यात एक पान, एक घड्याळ, एक शिंपला, एकमेकांपासून लांब लांब ठेवलेले. डोक्यात जे चाललं होतं ते वह्यांत लिहून ठेवलं, त्यातून ‘कोरा कॅनव्हास’ हे पुस्तक झालं. चित्रकाराने मराठीत चित्राबद्दल इतकं स्वच्छ लिहिलेलं मी तरी दुसरं वाचलं नाही. १९९५ ला गेले, साठीही गाठली नाही.

मला गायतोंडे परवडत नाहीत. बरवे परवडतात. शिफ्ट सुटल्यावर.

---

खडूवाले_मास्तर

रात्रपाळी, तुम्ही लिहीत जा हो. आणि चित्रं टाका इथे.

---

हिशेबनीस

परत आलो. मी व्यवसायाने सीए. चित्रातलं कळत नाही, पण ‘६७ कोटींतले गायतोंड्यांच्या घरच्यांना किती?’ हा प्रश्न डोक्यातून जाईना, म्हणून कायदा काढून बघितला.

आपल्या कॉपीराइट कायद्यात ५३अ नावाचं कलम आहे, १९९४ च्या दुरुस्तीने आलेलं. चित्र, रेखाटन, शिल्प यांची मूळ प्रत दहा हजार रुपयांपेक्षा जास्त किमतीला पुन्हा विकली गेली तर चित्रकाराला किंवा त्याच्या वारसांना त्या किमतीत हिस्सा मागण्याचा हक्क आहे. कॉपीराइट दुसऱ्याला लिहून दिलेला असला तरीही. कमाल हिस्सा १० टक्के. कॉपीराइटची मुदत, म्हणजे चित्रकार गेल्यानंतर साठ वर्षं, संपेपर्यंत हा हक्क जिवंत. गायतोंडे २००१ ला गेले. हिशेब तुम्हीच करा.

आता मेख. हिस्सा नक्की किती ते आपोआप ठरत नाही. ते ठरवायचं काम ज्या मंडळाकडे होतं ते मंडळच २०२१ मध्ये बरखास्त झालं, त्याची कामं कोर्टांकडे गेली. म्हणजे वारसाने आधी व्यवहार शोधायचा, मग वकील लावायचा, मग भांडायचं. विकणाऱ्याने स्वतःहून द्यायचं असं कुठे लिहिलेलं नाही. एवढं करून कोणाच्या हाती चेक पडल्याचं माझ्या तरी ऐकण्यात नाही. फ्रान्समध्ये असा हक्क १९२० पासून आहे.

वडिलांच्या हजेरीकार्डाबद्दल मी वर जे बोललो ते मागे घेत नाही. पण गिरणीत निदान ग्रॅच्युइटी होती. ती मिळवायलासुद्धा नऊ वर्षं लागली, तो भाग वेगळा.

---

ओलसर_भिंत

हिशेबनीस, तुमचा प्रतिसाद जसाच्या तसा सोसायटीच्या ग्रुपवर टाकला. तळमजल्यावरच्या काकांनी फक्त एक अंगठा पाठवलाय. बाकी शांतता आहे. आधी कधी झाली नव्हती.

---

न्यूजर्सीची_नलू

डिसेंबरात मी मुंबईत आहे. प्रत्यक्ष गायतोंडे बघायला कुठे मिळतील? लिलाव सोडून!

---

खडूवाले_मास्तर

नलूताई, फोर्टातच दोन ठिकाणं, चालत जाण्याइतकी जवळ. एक राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालय, रीगलसमोरच्या कावसजी जहांगीर हॉलमधलं. दुसरं छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयातलं जहांगीर निकल्सन दालन. निकल्सन हे कापसाचे व्यापारी, १९६८ पासून चित्रं घेत गेले, त्यांच्या संग्रहात गायतोंडे चांगले आहेत. मात्र दालनातली चित्रं बदलत असतात, तेव्हा आधी फोन करून विचारा. मी एकदा मुलांना घेऊन साडेतीनशे किलोमीटर गेलो आणि दालन नव्या मांडणीसाठी बंद होतं. मग त्यांना हस्तिदंताच्या पेट्या दाखवल्या, पोरं खूश.

---

कापडचोपड

गटग, म्हणजे सगळ्यांनी प्रत्यक्ष भेटायचं, करूया का? डिसेंबरातला दुसरा रविवार, सकाळी ११, वस्तुसंग्रहालयाच्या दारात. दुपारी जहांगीर आर्ट गॅलरी, ती फुकट आहे. आतलं समोवार उपाहारगृह बंद झालं म्हणून जेवण कुठेतरी बाहेर.

---

रात्रपाळी

शनिवारी नाइट आहे. सुटून थेट येतो. पाठीवर सॅक असलेला, डोळे लाल.

---

हिशेबनीस

मी येतो. तिकिटांचे पैसे मी भरीन, नंतर भागून घेऊ.

---

अर्धवटराव

पिंट्याला आणू का? त्याने आता फ्रिजवर सुरू केलंय.